सांगून टाकाल तर फसाल

ऑफिसात एचआरवाले अधूनमधून एक दिवसाचं शिबिर घेतात. समोसा-चहा देतात आणि शिकवतात की, जे हवं ते स्पष्ट सांगा, पण समोरच्याचा मान राखून. मार्शल रोझेनबर्ग या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने तर याच्या चार पायऱ्याच आखून दिल्यात: काय घडलं, मला काय वाटलं, माझी गरज काय आणि विनंती काय. तुम्ही समोसा खा, पण या नादी लागू नका. चार वाक्यांत विषय मिटला तर पुढची दहा वर्षं धुसफुसायचं कशावर?

शुक्रवारी संध्याकाळी साहेब विचारतात, "एवढं सोमवारपर्यंत होईल ना?" "सर, शनिवारी आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन आहे, मंगळवारी दुपारी देतो," हे वाक्य अगदी ओठांवर आलं तरी गिळा. "बघतो सर," म्हणा आणि मग पार्किंगमध्ये सहकाऱ्याला अर्धा तास थांबवून साहेबाला माणुसकी कशी नाही ते ऐकवा. ऑपरेशनचं त्याला ठाऊक नसेना का, चेहऱ्यावरून कळायला नको? फाइल रविवारी रात्री साडेअकराला पाठवा, म्हणजे वेळ पाहून तो ओशाळेल. तो वेळ बघतच नाही, नुसतं 'थँक्स' लिहितो. ही दुसरी तक्रार, नीट जपून ठेवा. तेवढ्यात सहा महिन्यांपूर्वी लागलेली पोरगी त्याच साहेबाला "सर, सोमवारी नाही जमणार, बुधवारी चालेल?" म्हणते आणि तो "चालेल" म्हणतो. तिला आगाऊ म्हणून मोकळे व्हा.

घरी तर तोंड उघडायचीही गरज नाही. स्टीलचा डबा ओट्यावर आपटण्याला माप असतं: हॉलमधल्या बातम्यांवर मात करून आवाज पोचला पाहिजे, पण शेजारच्या काकूंनी दार उघडता कामा नये. "काय झालं?" असं आतून-बाहेरून कुणी विचारलंच तर "कुठे काय? निसटला हातातून." खरी कला पुढच्या डब्यात आहे. तो अलगद ठेवायचा. त्या शांततेने भलेभले टीव्ही बंद करतात.

लांबच्या नातेवाइकांसाठी व्हॉट्सॲप आहेच. २०१४ साली निळ्या टिका आल्या, तेव्हापासून न बोलण्याचीही पोच देता येते.

आता सहानुभूती. कार्ल रॉजर्स या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाच्या पठडीतले लोक म्हणतात, आधी पूर्ण ऐकून घ्या, मग त्याचंच म्हणणं आपल्या शब्दांत सांगून 'असंच ना?' म्हणून विचारा. एवढा वेळ कोणाला आहे? शेजारच्या टेबलावरचा म्हणाला, "बाबांना काल स्टेंट घातला," की लगेच, "एकच ना? आमच्या मामांना तीन!" तो गप्प होतो. त्याला धीर आला असं समजा आणि मामांचं पथ्यपाणी सविस्तर सांगा.

एक धोका मात्र आहे. कधीतरी एखादा मित्र टपरीवर थेट विचारतो, "माझं काही चुकलंय का? सांग ना." इथे कच्चे लोक पाघळतात आणि खरं काय ते सांगून बसतात. तुम्ही घड्याळ बघा, "छे रे, मी कशाला रागावू?" म्हणा आणि दोघांच्याही चहाचे पैसे मुकाट्याने देऊन निघा. आठवडाभर त्याला झोप लागता कामा नये.