ठणका थांबला म्हणजे विष उतरलं नव्हे

गेले काही दिवस एक मजकूर वाड्यावाड्यांच्या ग्रुपवर फिरतोय, आणि आता तो आमच्या काकूपर्यंत पोचलाय. काकू रोज भाताच्या खाचरात उतरते, म्हणून हे लिहिणं भाग आहे.

मजकूर असा: कोकणातल्या एका देवळाच्या माळ्यावर ५,००० वर्षांपूर्वीची ताडपत्राची पोथी सापडली. तीत ५२८ हर्ट्झचा गुप्त बीजनाद आहे. सोबतचा अर्ध्या मिनिटाचा आवाज १०८ वेळा ऐकवला की विंचवाचं, सापाचं विष उतरतं; 'वेदना थांबली की विष उतरलं समजा.' शिवाय त्याच नादाने हापूस मोहोरतो आणि आपली कातळशिल्पं म्हणजे या नादांचे नकाशे.

आधी विषाचं. अर्ध्या मिनिटाचा आवाज १०८ वेळा म्हणजे ५४ मिनिटं. एवढा वेळ विष लागलेलं माणूस घरात बसवून ठेवायचं?

विंचू मंत्राने उतरतो असं वाटतं, त्याला कारण आहे. बऱ्याच डंखांत नुसता ठणका लागतो आणि काही तासांत आपसूक ओसरतो. तेवढ्यात कुणी काहीही पुटपुटलं तरी श्रेय त्यालाच. पण तांबड्या विंचवाचं विष अंगात भिनलं की उलटं होतं. दरदरून घाम, ओकाऱ्या, हातपाय थंडगार, आणि डंखाच्या जागी मात्र फारसं दुखत नाही असंही होतं. ॲड्रेनलिनसारखे स्राव एकदम सुटतात, रक्तवाहिन्या आवळतात, हृदय थकतं, फुफ्फुसांत पाणी भरतं. रुग्ण सावरू लागला की डंखाची जागा पुन्हा ठणकायला लागते. म्हणजे 'ठणका थांबला' म्हणून ज्याला घरी निजवलं, तोच नेमका धोक्यात असू शकतो. त्या मजकुरातलं सगळ्यात घातक वाक्य हेच.

आणि यावरचं काम कुठे परदेशात नाही, आपल्या महाडला झालंय. डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी रक्तदाबावरची प्राझोसिन ही गोळी अशा रुग्णांना देऊन पाहिली. विष भिनलेल्यांत पूर्वी २५-३० टक्के दगावत. या गोळीनंतर ते प्रमाण एका टक्क्याच्या आसपास आलं. २०११ साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये त्यांची ७० रुग्णांची चाचणी छापून आली. नुसत्या प्राझोसिनवर बरं व्हायला सरासरी १७.७ तास लागले, जोडीला विंचवाची प्रतिलस दिली तेव्हा १० तास. याला म्हणतात विष उतरवणं.

सापाचंही तेच. साप बिनविषारी असला, किंवा विषारी सापाने दात रोवून विष सोडलंच नाही, की मंत्र लागू पडल्यासारखा दिसतो. मण्यार रात्री अंथरुणात चावते. दुखत नाही, सूज नाही. काही तासांनी पापण्या मिटू लागतात, मग गिळता येत नाही, मग श्वास बंद पडतो. फुरशाच्या विषाने रक्त गोठेनासं होतं. ते ओळखायला २ मिलिलिटर रक्त कोरड्या, स्वच्छ काचेच्या नळीत २० मिनिटं न हलवता ठेवतात आणि मग नळी कलती करतात. प्लास्टिकची नळी चालत नाही, कारण काचेच्या स्पर्शानेच गोठण्याला चालना मिळते. रक्त तसंच वाहिलं की सर्पदंशाची लस सुरू. ती रक्तातलं विष पकडून निकामी करते. आवाज ते करू शकत नाही.

आता ते ५२८. हर्ट्झ म्हणजे सेकंदाला किती कंपनं. आपली जुनी मापं घटका, पळ, विपळ. २४ मिनिटांची घटका, तिची ६० पळं, पळाची ६० विपळं. विपळ ०.४ सेकंदाचं, म्हणजे हीच कंपनं विपळात मोजली तर २११.२ भरतात. तेव्हा ५२८ हा आकडा सेकंद वापरणाऱ्यानेच लिहिलाय. शिवाय आपला षड्ज, म्हणजे 'सा', ठरावीक कंपनांचा नसतोच. भजनातला बुवा आपल्या गळ्याप्रमाणे पट्टी धरतो. तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांकडे असलेल्या शार्ङ्गदेवांच्या संगीतरत्नाकर या ग्रंथातही २२ श्रुती, म्हणजे सप्तकातले बारीक स्वर, वीणेच्या तारा एकमेकींशी लावून समजावल्यात, कंपनं मोजून नाही.

मजकुरासोबत पोथीचा फोटोही आहे. त्यातली अक्षरं देवनागरी, शिरोरेषेसकट कोरलेली. ५,००० वर्षांपूर्वी देवनागरी नव्हती. आपल्याच किनाऱ्यावर सोपाऱ्याला सापडलेले अशोकाचे लेख इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकातले, आणि ते ब्राह्मीत आहेत. लोखंडी शलाकेने ताडपत्रावर आडव्या रेघा ओढल्या तर पान शिरेच्या दिशेने फाटतं, म्हणून नागरीसाठी बोरू आणि शाई. खरी पोथी सापडली की पुष्पिका, म्हणजे पोथीच्या शेवटची नोंद, दाखवतात: शक, संवत्सर, नक्कल करणाऱ्याचं नाव. इथे गावाचंही नाव नाही.

हापूस मोहोरायला पक्व झालेली पालवी आणि थंडी लागते. आणि रत्नागिरी जिल्ह्यातल्या कशेळीच्या कातळावर कोरलेल्या हत्तीच्या अंगात मासे, जनावरं कोरलीत. नादाचा नकाशा त्यात कुठे आहे ते मजकूर सांगत नाही.

एक मात्र मान्य करावं लागतं. विषावरचे मंत्र आपल्याकडे आहेत, अगदी अथर्ववेदातही आहेत. घाबरलेल्या माणसाजवळ कुणी शांतपणे जप केला तर त्याची धडधड कमी होते, तो हातपाय झाडत नाही, हेही खरं. तो जप दवाखान्याच्या वाटेवर, गाडीत करा.

मजकूर पुढे धाडला असेल तर त्याच ग्रुपवर आता एवढं टाका: पान लागलं, म्हणजे साप चावला, तर अंगठ्या, बांगड्या, पैंजण लगेच काढा. चावलेला हात-पाय मोडलेल्या हाडासारखा फळीला बांधून स्थिर ठेवा. आवळून दोरी बांधू नका, चिरा देऊ नका, तोंडाने ओढू नका. माणसाला चालवू नका. चावल्याची वेळ लिहून ठेवा आणि रुग्णवाहिकेसाठी १०८ ला फोन लावा.