मानधनातला मान तेवढा तुमचा

स्वतंत्र चित्रपटांची नायिका व्हायचं ठरवलंत, फार छान केलंत. आता आधी 'मानधन' हा शब्द फोडून बघा. त्यात मान पुढे, धन मागे. निर्मातेही हा समास असाच सोडवतात: मान लगेच, धन 'पिक्चर विकलं गेलं की'. या व्यवस्थेला डिफर्ड पेमेंट म्हणतात. म्हणजे चित्रपटाला बिनव्याजी कर्ज तुम्ही द्यायचं आणि संधी दिल्याबद्दल आभारही तुम्हीच मानायचे.

दिग्दर्शकाकडे तर पैशाचा विषयच काढू नका. बिचाऱ्यानं घर गहाण टाकलेलं असतं. अमेरिकी दिग्दर्शक जॉन कॅसाव्हेट्सनं १९७४च्या 'अ वुमन अंडर द इन्फ्लुअन्स'साठी टाकलंच होतं. नायिका जीना रोलंड्स ही त्याची बायको, त्यामुळे गहाण पडलं ते तिचंही घर. तिला ऑस्करचं नामांकन मिळालं. पुतळा दुसरीकडे गेला, पण मान मिळाला ना? झालं तर मग.

ऑडिशनसाठी हल्ली कुठे जावंही लागत नाही. कोविडच्या काळात दारं बंद झाली आणि कास्टिंगवाल्यांना साक्षात्कार झाला की जागा, दिवे, कॅमेरा हे सगळं उमेदवाराच्याच घरी असतं. तेव्हापासून सेल्फ-टेपचं, म्हणजे घरीच स्वतःला चित्रित करून पाठवायचं राज्य आहे. रात्री साडेदहाला सात पानं येतील, सकाळी नऊपर्यंत टेप हवी. समोरच्याचे संवाद नवरा वाचेल. दृश्यात तो तुमचा गळा दाबतोय, पण वाचतोय मात्र विजेचं बिल वाचावं तशा सुरात. तुम्ही तरीही रडा. तिसऱ्या टेकला खरं रडू येतंच, त्याला अभिनयाची गरज लागत नाही. टेप पाठवली की विसरून जा. उत्तर न येणं हाच नकार. नकार लेखी मिळावा एवढ्या मोठ्या तुम्ही अजून झालेल्या नाही.

आणि जे काय करायचं ते लवकर करा. हॉलिवूडची नटी मॅगी जिलेनहालनं २०१५ साली सांगितलं होतं, ५५ वर्षांच्या पुरुषाची प्रेयसी शोभायला तिचं वय जास्त आहे असं तिला ऐकवलं गेलं. ती तेव्हा ३७ वर्षांची होती. नायक वर्षाकाठी एका वर्षानं वाढतो. नायिका एका सकाळी उठते ती थेट कुणाची तरी आई होऊन.

भूमिका मिळालीच तर मेकअप पुसून टाका. समीक्षक तुम्हाला 'धाडसी' म्हणतील. (नटानं महिनाभर दाढी केली नाही तर तो 'भूमिकेत शिरलेला' असतो. चेहरा धुवायला धाडस लागतं ते फक्त बाईला.) महोत्सवात लोक उभं राहून टाळ्या वाजवतील. त्या मनापासून ऐकून घ्या, कारण थिएटरात टाळ्या वाजवायला माणसं असतीलच असं नाही. ब्रिटिश नटी अँड्रिया राइजबरोच्या 'टू लेस्ली'नं थिएटरांतून जेमतेम २७ हजार डॉलर कमावले. तरी २०२३ साली तिला ऑस्करचं नामांकन मिळालं, कारण नामवंत सहकाऱ्यांनी तिच्यासाठी जोरदार शब्द टाकला. त्यावर ऑस्कर देणाऱ्या अकादमीनं त्या प्रचाराचीच तपासणी केली! नामांकन टिकलं, पण धडा घ्या: जाहिरातीवर लाखो उधळले तर तो रिवाज, मैत्रिणींनी कौतुक केलं तर चौकशी.

पोटासाठी टीव्ही आहेच. गुन्हे-मालिकेत पहिल्याच दृश्यात सापडणारं प्रेत व्हा. संवाद पाठ करायचे नाहीत, रात्रीत रडायचं नाही, फक्त पोट हलू द्यायचं नाही. आणि दिवसाचे पैसे वेळेवर मिळतात. पुढे मालिका पुन्हा पुन्हा दाखवली गेली की रेसिड्युअल्सही, म्हणजे पुनःप्रसारणाचे पैसेही येऊ शकतात. २०२३ला अमेरिकी नट ११८ दिवस संपावर होते, तेव्हा कित्येकांनी आपापले रेसिड्युअल्सचे चेक जगाला दाखवले. काहींवर रक्कम होती एक सेंट. पाकिटाला लागलेलं टपाल तिकीट त्याहून महाग.

पण धीर धरा. अशीच एकदा टेबलावर प्रेत होऊन पडलेल्या असताना फोन येतो: पिक्चर विकलं गेलं! आधी वितरकाचा वाटा जाईल, मग महोत्सवांच्या फिया, मग दिग्दर्शकाचं घर सोडवायचं आहे. त्यानंतर तुमचाच नंबर. तोवर पुढच्या चित्रपटाची संहिता पाठवलीय, वाचून घ्या. भूमिका फार ताकदीची आहे. नायकाच्या आईची.