माठाचे वाटेकरी

घरची पालेभाजी म्हणजे विषमुक्त, असं मी अख्ख्या सोसायटीला सांगत सुटले होते. किड्यांनी ते ऐकलं असणार.

आधी पालकावर नागअळी आली. ही बया पानावर बसत नाही. पानाच्या दोन पापुद्र्यांमधे शिरते आणि आतल्या आत पांढऱ्या वेड्यावाकड्या रेघा ओढत जाते. वरून साबणाचं पाणी मारा नाहीतर गंगाजल, तिच्यापर्यंत थेंब पोचत नाही. रेघा दिसल्या की पान खुडून टाकायचं. म्हणजे तिनं जे खाल्लं नसतं, तेही मीच तोडलं.

मग मुळ्याच्या पाल्यावर मावा, म्हणजे पानांना चिकटून बसणाऱ्या बारीक किड्यांची फौज. माव्याच्या मादीला नर लागतोच असं नाही, अंड्यांची भानगडही नाही. थेट पिल्लंच, आणि आठवड्या-दीड आठवड्यात तीही लेकुरवाळी! वर मावा जो गोड चिकटा सोडतो तो चाटायला मुंग्या येतात आणि त्या बदल्यात माव्याची राखण करतात. कुंडी माझी, मुळा माझा, सहकारी संस्था त्यांची. मला साधं सभासदत्वही नाही.

सासूबाई म्हणाल्या, "राख टाक गं. आमच्याकडे राखच टाकायचे." पाइपच्या गॅसवर राख कुठून आणू? शेवटी देवघरातली उदबत्तीची टाकली. दोन पानांना पुरली. मावा मेला नाही, मोगऱ्याचा वास मात्र यायला लागला. निंबोळी अर्काची कृती पाहिली, तर पाच किलो निंबोळ्या आणि शंभर लिटर पाणी. लिटरला पन्नास ग्रॅम असं गणित मांडून बसले, तोवर आमच्या ह्यांनी दशपर्णी अर्काचा ठराव मांडला. शेण, गोमूत्र आणि दहा झाडांचा पाला महिनाभर कुजवायचा, तोही बाल्कनीत. खालच्या काकूंनी नुसतं ऐकूनच खिडकी लावून घेतली.

तेवढ्यात माठाच्या पानांची चाळण व्हायला लागली. दिवसा बघावं तर कुणी नाही. रात्री टॉर्च घेऊन गेले, तेव्हा बाईसाहेब सापडल्या. ही अळी दिवसभर मातीत दडते आणि अंधार पडला की जेवायला वर येते. वॉचमनकाकांनी आपुलकीनं पुडी पुढे केली, "तंबाखूचं पाणी मारा, ताई." शेतकरी हिला तंबाखूची पानं खाणारी अळी म्हणतात. तिच्या माहेरचंच पक्वान्न तिला वाढायचं म्हणजे!

शेवटी चिमटा घेतला. अळी चिमट्यात आली, साबणाच्या पाण्याचा डबा तयार, एवढ्यात मागून सासूबाई, "आज एकादशी आहे. जीव घेऊ नकोस. उद्या बघ काय ते."

ठेवली परत. द्वादशीला पारण्याला माठाचीच भाजी करायची ठरली होती. सकाळी कुंडीत नुसते देठ उभे. तिनं उपास धरलाच नव्हता.

"देठांची भाजीसुद्धा छान होते हो," सासूबाई म्हणाल्या, आणि विळी घेऊन बसल्या.