करार संपला, मग घर सोडा की!

लिव्ह अँड लायसन्स, म्हणजे ठरावीक मुदतीच्या भाडेकराराची मुदत संपली की भाडेकरूचा फोन लागेनासा होतो. आत्याचा मुलुंडचा वन बीएचके असाच अडकलाय. घर तिचं, राहतोय तो, आणि मेंटेनन्सही तिनेच भरायचा!

महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ चं कलम २४ सांगतं, मुदतीनंतर ताबा दिला नाही तर भाड्याच्या दुप्पट दराने भरपाई. मालकाने ताब्यासाठी अर्ज केला, की समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत शपथपत्र देऊन परवानगी घेतल्याशिवाय भाडेकरूला त्या अर्जाला विरोधही करता येत नाही. पण समन्स लागायला तर हवं! बेल वाजली की आतला टीव्ही बंद होतो, दार काही उघडत नाही. नंतर वकील बदलतो, मग तब्येत बिघडते. की पुढची तारीख.

वर शेजारी सांगतात, कुलूप बदला. अहो, तसं केलं तर विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ६ खाली सहा महिन्यांत दावा ठोकून तोच ताबा परत मागेल! आत्याचं औषधपाणी त्या भाड्यावर चालतं हो. दुप्पट भरपाई आधी जमा करायला लावा, मगच त्याला तारीख द्या.