बाळ्याचं नाक

लालबागच्या आमच्या चाळीत माणूस शिंकला तर कुणी मान वर करून बघत नाही. पण परवा आमचा बाळ्या बोका सकाळपासून शिंकायला लागला आणि अख्खा मजला गॅलरीत जमा. शिंकायचं, पंजाने नाक घासायचं आणि मग आमच्याकडे रोखून बघायचं, हे सगळं आम्हीच केल्यासारखं.

निदानं धडाधड झाली. एसीची सर्दी (आमच्याकडे एसी नाही). दृष्ट. पावसाळी हवा. शेवटच्या खोलीतल्या आजोबांनी तपकिरीची डबी पुढे केली. "एक चिमूट ओढू दे, असेल ते बाहेर!" हे त्यांनी इतक्या मायेने सुचवलं की नाही म्हणताना मीच ओशाळलो. शेजारच्या काकू बाम घेऊन आल्या, तसा बाळ्या कपाटाखाली गेला.

आईचा धीर सुटला तो दुपारी. ताज्या बोंबलाकडे बाळ्याने नुसतं बघितलं आणि तोंड फिरवलं. मांजर अन्नाची परीक्षा नाकाने करतं. नाकच बंद, तर बोंबील काय आणि पुठ्ठा काय! टॉर्च मारला तेव्हा डाव्या नाकपुडीत एक हिरवं टोक दिसलं, तांदळाच्या कणीएवढं. शिंकला की बाहेर, श्वास घेतला की आत. मी चिमटा शोधायला उठलो तर फोनवर डॉक्टर ओरडले, "ओढू नका! आत किती आहे ते माहीत नाही, तुटलं तर निस्तरणं कठीण. घेऊन या."

"बैलघोड्यात न्या," आजोबांचा हुकूम. परळच्या त्या जनावरांच्या दवाखान्याचं पूर्ण नाव, बाई साकरबाई दिनशा पेटिट वगैरे, सांगितलं तर टॅक्सीवाला आपल्यालाच पत्ता विचारेल. तिथलं पशुवैद्यकीय महाविद्यालय 1886 सालचं, म्हणजे मुंबईची ट्राम घोडे ओढत होते तेव्हाचं. जायला हरकत नव्हती, पण बाळ्या आतून जे काही करत होता ते बघता पिशवीची चेन परळपर्यंत टिकेलसं वाटेना. गल्लीच्या टोकाचेच डॉक्टर बरे.

"बाम-बिम लावला नाहीत ना? त्यात कापूर असतो, मांजराला विषारी." सोबत आलेल्या काकू भिंतीवरचा कुत्र्यांच्या लसीकरणाचा तक्ता मन लावून वाचू लागल्या.

भुलीचं इंजेक्शन दिल्यावर डॉक्टरांनी हात घातला तो तोंडात. पात नाकातून आत गेलीच नव्हती. मांजर गवत खातं, मग उमळतं, आणि एखादी पात घशातून टाळूच्या मागे, वर नाकात चढते. टाळूमागून ती हळूहळू बाहेर आली. ओली, दुमडलेली, बोटाहून लांब, खरखरीत कडेची. डॉक्टरांनी ती नाकाशी धरली.

"अहो, हा तर गवती चहा!"

आईने पदर सावरला. गॅलरीतली कुंडी तिची, आणि पावसाळाभर येईल त्याला आलं-गवती चहा पाजायचा हा तिचा लौकिक.

बाळ्या रात्री झोकांड्या खात उठला आणि सकाळी बोंबलावर तुटून पडला. कुंडी मात्र काकूंच्या खिडकीत गेली, कारण त्यांच्या खिडकीला जाळी आहे. आता काकूंकडे दोन्ही वेळचा चहा गवती होतो. आईला आपल्याच कुंडीतली पात मागायला त्यांच्या दारात जावं लागतं, आणि काकू अगदी मोजून दोन पाती देतात.