रिमिक्सने गाणं मारलं का? एका प्रतिक्रियेला सविस्तर उत्तर

नमस्कार, तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली आणि तिला दोन ओळींत उत्तर देऊन मोकळं व्हावंसं वाटेना, म्हणून हे वेगळं लिहितोय. ह्युमन लीग या ब्रिटिश सिंथ-पॉप बँडच्या 'द थिंग्ज दॅट ड्रीम्स आर मेड ऑफ' या गाण्यावर मी जो लेख लिहिला त्यावर तुमचं म्हणणं थोडक्यात असं, की सव्वीस वर्षं जुन्या, स्वतःत पूर्ण असलेल्या गाण्याला २००८ साली परक्या लोकांनी रिमिक्ससाठी, म्हणजे जुनं रेकॉर्डिंग नव्याने बांधायला, हात लावला, खाली धाडधाड बीट टाकला, शब्द बुडवले, आणि मी त्यालाच पुनर्जन्म म्हणत बसलो. आणि शेवटी, कलाकाराने गाणं जसं ठेवलं तसंच ऐकावं.

तुमच्या रागामागे गाण्यावरचं प्रेम आहे हे कळतंय, कारण माझंही तेच गाणं आहे. पण तुमचं म्हणणं मला पटत नाही.

आधी 'जसं ठेवलं तसंच' याबद्दल. हे गाणं 'डेअर' अल्बमचं पहिलंच गाणं, ऑक्टोबर १९८१ चं. त्या अल्बममधून ब्रिटनमध्ये तेव्हा चार सिंगल्स (सुटी विकायला काढलेली गाणी) निघाली, त्यात हे नव्हतं. आणि ज्या गाण्याने बँड जगभर पोचला ते 'डोन्ट यू वाँट मी' बँडचा गायक फिलिप ओकीला अल्बममधलं सगळ्यात कच्चं गाणं वाटत होतं, ते त्यांनी अल्बमच्या अगदी शेवटी ठेवलं होतं आणि सिंगल म्हणून काढायला त्याचा विरोध होता. ते १९८१ च्या ख्रिसमसला ब्रिटनमध्ये एक नंबरला होतं आणि १९८२ मध्ये अमेरिकेतही एक नंबरला गेलं. म्हणजे कुठल्या गाण्यात किती जीव आहे हे ते बनवणाऱ्यालाही दर वेळी दिसतंच असं नाही. मग अल्बममध्ये जागा मिळाली तेवढीच त्या गाण्याची लायकी असं आपण तरी का धरून चालायचं?

आता 'परके लोक'. या गाण्याला पहिल्यांदा कापलं ते अल्बमच्या निर्मात्यानेच, मार्टिन रशेंटने, आणि तेही एका वर्षाच्या आत. १९८२ मध्ये 'लव्ह अँड डान्सिंग' नावाचा अल्बम आला, अमेरिकी गायक बॅरी व्हाइटच्या 'लव्ह अनलिमिटेड ऑर्केस्ट्रा'वरून बँडचं नाव त्यावर 'द लीग अनलिमिटेड ऑर्केस्ट्रा' असं होतं, आणि त्यात 'डेअर'मधली बहुतेक गाणी रशेंटने नाचायच्या अंगाने पुन्हा बांधली होती, त्यात हेही होतं. तेव्हा कॉम्प्युटरवर ओढून चिकटवायची सोय नव्हती, टेप ब्लेडने कापायची आणि चिकटपट्टीने जोडायची, आणि तेही शेकडो वेळा. ज्याने मूळ अल्बम घडवला त्यालाच तो तसा पुन्हा उघडावासा वाटला, मग २००८ चा रिमिक्स बाहेरून लादलेला कसा? त्याची वाट तर घरातूनच निघाली होती.

आणि ते सोपंही होतं, कारण 'डेअर' मुळात बनलाच तसा आहे. त्यात खरा ड्रमर नाही. तालासाठी लिन एलएम-१, म्हणजे खऱ्या ड्रमचे रेकॉर्ड केलेले आवाज वाजवणारं पहिलं ड्रम मशीन, १९८० मध्ये आलेलं, आणि सिंथवर (सिंथेसायझरवर) सूर वाजवायला रोलँडचा एमसी-८ सिक्वेन्सर, ज्यात एकेक सूर आकड्यांनी भरायचा. माणूस वाजवतो तेव्हा लय थोडी पुढेमागे होते (त्यातही मजा असते, ते वेगळं), पण इथे लय पहिल्यापासून शेवटपर्यंत एकसारखी आणि प्रत्येक आवाज आपापल्या जागी स्वतंत्र. असं गाणं उलगडून पुन्हा रचता येतं. तुम्ही म्हणता तसा बीट 'खाली टाकलेला' नाहीये, तो त्या गाण्यात पहिल्यापासून होताच, फक्त दोन्ही बाजूंनी शब्दांनी घेरलेला होता.

लांबी वाढवली याबद्दलही तुम्ही लिहिलंय. क्लबमध्ये एक गाणं दुसऱ्यात मिसळायला डीजेला सुरुवातीला आणि शेवटी नुसता ताल असलेली जागा लागते, म्हणून तो भाग वाढवतात. आणि असं लांब गाणं ज्यावर काढायचे त्या बारा इंची रेकॉर्डमध्ये खाचांना जास्त जागा मिळते म्हणून बास मोठा आणि मोकळा कोरता येतो. दुकानात विकायला आलेलं पहिलं बारा इंची सिंगल १९७६ चं, डबल एक्सपोजरचं 'टेन पर्सेंट', वॉल्टर गिबन्सने रिमिक्स केलेलं. तेव्हापासून ती लांबी नाचणाऱ्यांसाठी आहे. घरी खुर्चीत बसून ऐकताना ती नकोशी वाटू शकते, हे मला मान्य आहे.

आता शब्दांचं, कारण मला खरं तर याबद्दलच लिहायचं होतं. हे गाणं म्हणजे जवळजवळ एक यादी आहे, माणसाला काय काय हवं असतं त्याची, प्रवास, थोडे पैसे, प्रेम, दोनतीन मित्र, आणि मग न्यू यॉर्क, आइस्क्रीम, टीव्ही, आणि त्याच ओघात काही नावं येतात, विनोदी नट नॉर्मन विस्डम, आणि जॉनी, जोई, डी डी. हे तिघे रामोन्स या न्यू यॉर्कच्या पंक बँडमधले. १९८१ मध्ये तिघंही जिवंत होते, वाजवत होते, एका पोराच्या आनंदाच्या यादीत त्यांची नावं असणं म्हणजे नुसती हौस. जोई २००१ मध्ये गेला, डी डी २००२ मध्ये, जॉनी २००४ मध्ये. म्हणजे २००८ मध्ये हे गाणं परत क्लबमध्ये वाजायला लागलं तेव्हा ओकी १९८१ च्याच आवाजात, तितक्याच हौसेने, तीन गेलेल्या माणसांची नावं घेत होता आणि त्या तालावर जी पोरं नाचत होती त्यातली कित्येक हे गाणं आलं तेव्हा जन्मलीही नव्हती. रिमिक्स करणाऱ्यांनी हे मुद्दाम केलं असं मी म्हणत नाही, पण ते घडलं. मूळ अल्बम मी कित्येक वर्षं ऐकत होतो आणि ती नावं माझ्या कानावरून नुसती जायची, ती पहिल्यांदा टोचली ती रिमिक्स ऐकताना. मग शब्द बुडाले असं मी कसं म्हणू?

आणि ज्यांना तुम्ही परके म्हणालात त्यातला एक रिचर्ड एक्स, २००८ चा एक रिमिक्स त्याचा, त्याच्याबद्दल एवढं सांगतो, की २००३ मध्ये ह्युमन लीगच्याच 'बीइंग बॉइल्ड'चं संगीत चाका खानच्या 'एन्ट नोबडी'ला जोडून त्याने लिबर्टी एक्सचं 'बीइंग नोबडी' केलं होतं. हा माणूस या बँडची गाणी आतून ओळखतो.

सगळे रिमिक्स चांगले असतात असं माझं म्हणणं नाही. गायकाची एक ओळ उचलायची, बाकी सगळं फेकून द्यायचं आणि नाव मात्र जुन्या गाण्याचं लावायचं, असले ढिगाने आहेत आणि त्यांच्याबद्दल तुम्ही जे लिहिलंय त्यातला शब्द न् शब्द मला मान्य आहे.

एक चूक मात्र माझी आहे. लेखात मी रिमिक्सला 'मुळापेक्षा सरस' म्हटलं होतं, तुम्ही ते वाक्य उचलून दाखवलंत, आणि परत वाचल्यावर ते मलाच खोटं वाटलं. अल्बमच्या सुरुवातीला तो पहिला सिंथ येतो त्याच्या तोडीचं काही रिमिक्समध्ये नाही. ते वाक्य आज काढून टाकलंय. 'पुनर्जन्म' हा शब्द ठेवलाय. तुम्ही कुठला रिमिक्स ऐकलात ते लिहिलं नाहीत, २००८ मध्ये दोनतीन आले होते, तेवढं कळवा, म्हणजे पुढे नीट बोलता येईल.