मोडलेला हात खरा, बाकीचं तपासून घ्या

प्रेस्कॉटचा तो फॉरवर्ड एव्हाना तुमच्याही फोनवर येऊन गेला असेल. माझ्याकडे तीनदा आला. तिसऱ्या वेळी आतेभावाने पाठवला, खाली 'पोरांना वाचून दाखव' अशी सूचना. त्यातलं म्हणणं थोडक्यात असं: १९५८ साली इंग्लंडचा रग्बी कर्णधार अ‍ॅलन प्रेस्कॉट याचा वर्ल्ड कपच्या अंतिम सामन्यात चौथ्या मिनिटाला हात मोडला. बदली खेळाडू बूट बांधून तयार होता, पण गडी हटला नाही. शेवटी मैदानावर आठच जण उरले आणि त्याने एका हाताने सामना जिंकून दिला. एक पैसा घेतला नाही. पुन्हा कधी खेळू शकला नाही. मग नेहमीचं शेपूट: आजचे खेळाडू बोट दुखलं तरी स्ट्रेचर मागवतात, डोकं, कौशल्य सगळं दुय्यम, लागते ती फक्त जिद्द.

हात मोडला हे खरं आहे. उजवा हात, कोपराच्या खाली. सामना सुरू होऊन तीन-चार मिनिटं झाली होती आणि उरलेला जवळजवळ सव्वा तास हा माणूस त्याच हाताने रग्बी खेळला. यात तिखटमीठ लावायची गरजच नव्हती. तरी लावलंय, म्हणून हा खटाटोप.

पहिली चूक किरकोळ आहे, ती आधी उरकू. तो वर्ल्ड कपचा अंतिम सामना नव्हता. ५ जुलै १९५८ रोजी ब्रिस्बेनच्या एक्झिबिशन ग्राउंडवर झालेली ती ऑस्ट्रेलियाविरुद्धची दुसरी कसोटी होती, तीन सामन्यांच्या मालिकेतली. संघ इंग्लंडचा नव्हे, ग्रेट ब्रिटनचा. आणि खेळ रग्बी लीग, म्हणजे तेरा जणांचा. पंधरा जणांचा तो रग्बी युनियन, त्याचं घराणं वेगळं. मालिकेचं नाव मात्र अ‍ॅशेस. क्रिकेटवाल्यांकडून उसनं घेतलेलं, पण लीगच्या लोकांना त्याचं अप्रूप तेवढंच. वर्ल्ड कप प्रेस्कॉटच्या वाट्याला आला होता तो आदल्या वर्षी, ऑस्ट्रेलियातच. १९५७च्या त्या स्पर्धेत त्याच्या संघाने फ्रान्सला हरवलं, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडकडून मार खाल्ला. त्या स्पर्धेत अंतिम सामना नावाची गोष्टच नव्हती. गुणतक्त्यावर ऑस्ट्रेलिया विजेता ठरला.

आता मुख्य मुद्दा. बदली खेळाडू.

बदली खेळाडू नव्हताच. नाकारायला समोर काही असावं तर लागतं! त्या काळच्या रग्बी लीगमध्ये बदलीची सोयच नव्हती. तेरा उतरले की तेराच. एखादा जायबंदी होऊन बाहेर गेला की उरलेल्या बारांनी ओढायचं. ब्रिटिश लीगमध्ये बदली खेळाडू आले १९६४मध्ये, तेही सुरुवातीला फक्त मध्यंतरापर्यंत आणि फक्त दुखापतीसाठी. म्हणजे ब्रिस्बेननंतर सहा वर्षांनी.

हे एकदा लक्षात घेतलं की प्रेस्कॉटचा निर्णय निराळा दिसायला लागतो. पहिली कसोटी सिडनीत ब्रिटन ८-२५ असं सपाटून हरलेलं. ही हरली तर अ‍ॅशेस गेली. कर्णधाराचा हात चौथ्या मिनिटाला गेला. थोड्याच वेळात डेव्ह बोल्टनचं कॉलरबोन मोडलं आणि तो बाहेर पडला. उरले बारा. प्रेस्कॉटही गेला असता तर अकरा, समोर तेरा. मध्यंतराला ब्रिटन पुढे होतं आणि कर्णधाराला ठरवायचं होतं, पुन्हा उतरायचं की नाही. प्रेस्कॉट प्रॉप, म्हणजे पहिल्या फळीत रेटारेटी करणारा गडी. एका हाताचा प्रॉप म्हणजे अर्धा प्रॉप, पण अर्धा हा शून्यापेक्षा जास्त. तो उभा राहिला की ऑस्ट्रेलियाच्या एका माणसाला त्याच्याकडे लक्ष ठेवावं लागणार. कबड्डीत पाय मुरगळलेला गडीही साखळीतला एक हात असतो, तसं. मला यात शौर्य दिसतं, आणि हिशेबही दिसतो. फॉरवर्ड लिहिणाऱ्याने हिशेब पुसून टाकला आणि त्या जागी हट्ट बसवला. दुसरा मार्ग असूनही मोडक्या हाताने खेळत राहणं आणि दुसरा मार्ग नाही म्हणून खेळत राहणं, यांत कोणतं पोरांना शिकवायचं ते आतेभावाने ठरवावं.

आठ जणांचा घोळ इथेच सुटतो. बोल्टन गेल्यावर मैदानावर बारा जण होते आणि ते शेवटपर्यंत होते. त्यांतले चौघे जखमी: प्रेस्कॉटचा हात, व्हिन्स कारालियसची पाठ, जिम चॅलिनरचा खांदा, एरिक फ्रेझरचं कोपर. बारातून चार गेले, धडधाकट आठ. 'आठ धडधाकट'चं फिरता फिरता 'आठच उरले' झालं. शेवटी दहा जणांनी जिंकलेली कसोटी खरोखरच आहे, पण ती १९१४ची, सिडनीची, हॅरॉल्ड वॅगस्टाफच्या संघाची, १४-६. बहुधा दोन्ही गोष्टी कुणीतरी एकाच खलबत्त्यात कुटल्या आहेत.

'एका हाताने जिंकून दिला' हे ऐकून सर्वांत आधी प्रेस्कॉटच ओशाळला असता असं मला वाटतं. निकाल २५-१८. या पंचवीस गुणांत प्रेस्कॉटचा एकही नाही. बोल्टनची जागा घेतली कारालियसने. हा धडका देणारा आडदांड गडी, पाठीने बेजार, आणि तो उभा राहिला स्टँड-ऑफला. स्टँड-ऑफ म्हणजे चेंडू हातात घेऊन संघ चालवणाऱ्या दोघांपैकी एक. तिथे चपळ, हलका खेळाडू लागतो. त्याच दौऱ्यात ऑस्ट्रेलियन वर्तमानपत्रांनी कारालियसला रानटी बैलाची उपमा दिली होती. बैलाला सतार वाजवायला बसवावं तसा प्रकार, पण त्या दिवशी जमला. त्या दोघांपैकी दुसरा, स्क्रम-हाफ, होता अ‍ॅलेक्स मर्फी, वय वर्षं एकोणीस. हे दोघे सेंट हेलन्स क्लबचेच, प्रेस्कॉटही तिथलाच. एकमेकांच्या चाली पाठ असलेली माणसं. नसती तर अशी अदलाबदल निभली असती का, मला शंका आहे. आणि प्रेस्कॉट या सगळ्यात काय करत होता? पडत होता, उठत होता, डाव्या हाताने पकडत होता, माणसं जागेवर लावत होता. कर्णधाराचं काम.

पैशाबद्दल फॉरवर्ड अगदीच उताणा पडतो. 'एक पैसा घेतला नाही' हे वाक्य रग्बी लीगबद्दल लिहिणं म्हणजे गिरणी कामगारांच्या मोर्चाला भजनी दिंडी म्हणणं. हा खेळ जन्मालाच पैशाच्या भांडणातून आला. उत्तर इंग्लंडचे खेळाडू खाणीत, गिरण्यांत राबणारे. शनिवारी सामन्याला गेलं की अर्ध्या दिवसाची मजुरी बुडायची. ती भरून द्या, एवढीच मागणी होती. लंडनच्या साहेब मंडळींना त्यातही विटाळ वाटला. १८९५मध्ये हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेचे क्लब जमले आणि फुटून निघाले. तेव्हापासून कित्येक दशकं लीगचा खेळाडू मानधन घेऊन खेळायचा आणि उरलेला आठवडा दुसरं काम करायचा. प्रेस्कॉट विडनेसचा, रसायनांच्या कारखान्यांच्या गावचा. खेळला सेंट हेलन्ससाठी, काच आणि कोळशाच्या गावात. या पट्ट्यात खेळाचे पैसे घेण्याची लाज कुणाला नव्हती. घेतलेल्या पैशाने शौर्याला कमीपणा येतो, हा विचार त्या साहेबांचा होता. तो आपण का वाहावा?

'पुन्हा कधी खेळू शकला नाही.' हे अर्धं खरं आहे आणि खरा अर्धा भाग दुखरा आहे. १९५१पासून अठ्ठावीस कसोट्या खेळलेल्या, त्यांतल्या सतरा कर्णधार म्हणून, अशा माणसाची ब्रिस्बेन ही शेवटची कसोटी ठरली. दोन आठवड्यांनी सिडनीत ब्रिटनने तिसरी कसोटी ४०-१७ अशी जिंकली, अ‍ॅशेस राखली, तेव्हा कर्णधार मैदानाबाहेर होता. पण क्लबसाठी तो परतला. १९५९च्या मे महिन्यात ब्रॅडफर्डच्या ओड्सल मैदानावर सेंट हेलन्सने हन्सलेटचा ४४-२२ असा फडशा पाडून अजिंक्यपद घेतलं, त्या संघाचा कर्णधार प्रेस्कॉटच होता. मोडलेला हात सांधला होता. फॉरवर्डमध्ये हे नाही, कारण जखम बरी होणं ही काही व्हायरल व्हायची गोष्ट नव्हे.

आता ते शेपूट. फक्त जिद्द लागते म्हणे.

प्रेस्कॉटने कारकीर्द सुरू केली हॅलिफॅक्सकडून, विंगर म्हणून. विंगर म्हणजे मैदानाच्या कडेने वारा प्यायल्यासारखा पळणारा. १९४९मध्ये तो सेंट हेलन्सला आला, लूज फॉरवर्डला, म्हणजे पुढच्या गटातल्या मागच्या टोकाला, खेळला आणि हळूहळू पहिल्या फळीत प्रॉप झाला. प्रॉप म्हणजे स्क्रमचा, दोन्ही संघांच्या खांद्याला खांदा भिडवलेल्या रेटारेटीचा, खांब; तिथे बहुतेक वेळा जड, धिमी माणसं असायची. यांच्यात एक जुना विंगर घुसला तर काय होतं ते १९५६च्या चॅलेंज कपच्या, म्हणजे क्लबांच्या बाद पद्धतीच्या स्पर्धेच्या, अंतिम सामन्यात वेम्बलीवर दिसलं. समोर हॅलिफॅक्स, त्याचाच जुना क्लब. सेंट हेलन्स १३-२ने जिंकलं, प्रेस्कॉटने स्वतः ट्राय केला (म्हणजे चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या रेषेपलीकडे जमिनीला टेकवला) आणि सामनावीराची लान्स टॉड ट्रॉफी घेऊन गेला. सेंट हेलन्सचा तो पहिलाच चॅलेंज कप. हा क्लब १८९७च्या पहिल्यावहिल्या अंतिम सामन्यात खेळला होता, तेव्हापासून १९१५, १९३०, १९५३ असा चार वेळा दाराशी येऊन परत गेलेला. गावाने साठ वर्षं वाट पाहिलेली. सेंट हेलन्सच्या जुन्या माणसांना मोडका हात जितका प्यारा असेल, तितकाच हा ट्रायही असणार. तो जिद्दीने आलेला नाही. जिम सलिव्हनसारखा प्रशिक्षक, बदललेली जागा, आणि शंभर किलोच्या माणसांत राहूनही विंगरचे पाय शाबूत ठेवण्याचं कसब, यांतून आला.

१९५९मध्ये सलिव्हन गेल्यावर संघ प्रेस्कॉटच्या हाती आला आणि १९६१मध्ये त्याच्या सेंट हेलन्सने वेम्बलीवर शेजारच्या विगनला १२-६ असं हरवलं. टॉम व्हॅन व्होलेनहोवन आणि केन लार्ज यांनी चेंडू एकमेकांकडे देत-घेत मैदानभर धाव मारून जो ट्राय केला, तो अजून आठवणीने दाखवला जातो. प्रेस्कॉट त्या दिवशी बाहेर बसून बघत होता. १९६२पर्यंत तो तिथे होता, पुढे ली क्लबलाही त्याने शिकवलं.

आणि ब्रिस्बेनच्या त्या ड्रेसिंग रूममध्ये फक्त सोशिक माणसं होती असं ज्याला वाटतं, त्याने पुढच्या वर्षांच्या चॅलेंज कपकडे बघावं. १९७१मध्ये लीने कप जिंकला, प्रशिक्षक आणि कर्णधार मर्फी. १९७२मध्ये सेंट हेलन्स, प्रशिक्षक चॅलिनर, तोच, खांदा दुखावलेला. १९७४मध्ये वॉरिंग्टन, पुन्हा मर्फी. १९७५मध्ये वेम्बलीवर मर्फीच्या वॉरिंग्टनसमोर विडनेस उभं राहिलं, प्रेस्कॉटचं जन्मगाव, आणि विडनेसचा प्रशिक्षक होता कारालियस. बैलाने १४-७ असा सामना काढला. दोन्ही बाजूंच्या बाकावर दोन-दोन बदली खेळाडू बसलेले होते.